एका गाडीचे वजन

१३ सप्टेंबर, शुक्रवार

वापरलेली घरची गाडी जुनी होत जाते, तशी हलकी होते की जड? मला माहीत नाही. यंत्रशास्त्राची पदवी घेऊन मला अडीच महिने झाले. आईने ती काच लावून देवघरातल्या संताच्या तसबिरीशेजारी टांगली आहे. आमच्या घरात पदवी मिळवणारी मी पहिलीच, पण या प्रश्नाचे उत्तर मला देता येत नाही.

प्रश्न आला तो असा. मोरावा नदीवरचा आमचा तराफा ऑगस्टपासून बंद आहे. त्यावरची भाराची पाटी झिजून कोरी झाली होती. 'इंजिनिअरच्या सहीची नवी पाटी लागेपर्यंत तराफा सुटणार नाही,' असा जिल्ह्याचा हुकूम आला. नगरपालिकेच्या तांत्रिक खात्यात मला सहा महिन्यांची नोकरी लागली आहे, तेव्हा ती सही माझी. माझी पहिली सही.

आमच्या प्रमुख पर्सिदाबाईंच्या मते हे अर्ध्या तासाचे काम आहे. तराफा तीन हजार किलो पेलतो, हे तपासणीत आधीच ठरले आहे. आमच्याकडच्या साधारण गाडीचे कागदावरचे वजन एक हजार साठ किलो. दोन गाड्या आणि दहा माणसे धरली तरी तीन हजारांच्या आत बसतात. "लिही 'दोन गाड्या' आणि कर सही," त्या म्हणाल्या.

मी म्हटले, "पण बाई, खरी गाडी कागदावरच्या गाडीएवढीच भरते का?"

त्यांनी चष्मा काढला. "कोसारा, तू इथे किती दिवस आहेस?"

"डिसेंबरपर्यंत."

"मग फार खोलात जाऊ नकोस."

संध्याकाळी मी बाबांची गाडी सोसायटीच्या काट्यावर नेली. आलुबुखारांचा हंगाम, त्यामुळे पुढे नऊ ट्रॅक्टर. काट्यावर बसणाऱ्या स्तानामावशी स्वेटर विणत होत्या. सुया न थांबवता त्यांनी विचारले, "फळं कुठायत?"

"फळं नाहीत. फक्त गाडी."

"गाडी विकायला काढली राडिसावने?"

"नाही मावशी, वजन करायचंय. तराफ्यासाठी."

मावशींनी विणकाम बाजूला ठेवले. मी खाली उतरले. काटा म्हणाला, एक हजार तीनशे दहा.

कागदापेक्षा अडीचशे किलो जास्त! मला इतका आनंद झाला की मी तिथेच हिशोबाची वही काढली. मागचे ट्रॅक्टरवाले भोंगे वाजवायला लागले.

१४ सप्टेंबर, शनिवार

दिवसभर अंगणात गाडी रिकामी केली आणि एकेक वस्तू घरच्या तराजूवर तोलली. बाबा खुर्ची टाकून बघत बसले होते. एखाद्याच्या पोटाचे ऑपरेशन चालू असताना नातेवाइकांनी बसावे तसे.

गॅसची टाकी, जोडण्यांसकट, पन्नास किलो. मागचा हूक वीस. टपावरचे कॅरिअर वीस. एक जादा स्टेपनी पंधरा. अवजारांची पेटी अठ्ठावीस. ट्रॅक्टरचा जॅक सतरा.

"आपल्याकडे ट्रॅक्टर नाही बाबा."

"रस्त्यात कुणाचा अडला तर?"

बर्फाची साखळी बारा. वाळूची पिशवी चाळीस. पाण्याचा कॅन दहा. पायाखालचे नमदे पाणी पिऊन आठ किलो जड झाले होते. आणि मागच्या सीटमागे, बरोबर तिथल्या खाचेत बसेल अशी बाबांनी केलेली लाकडी पेटी. तिच्यात आईच्या रिकाम्या बरण्या, धुऊन पुसून, वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या. तेवीस किलो. झाकणावर माझे नाव. मी शहरात शिकत असताना याच पेटीतून माझ्याकडे लाल मिरच्यांचा आयवार, लोणची, मुरांबे यायचे, आणि रिकाम्या बरण्या परत जायच्या.

"ही कशाला वागवता? जूनपासून मी घरीच आहे."

"राहू दे. ती तिथं बसलेली आहे."

"तेवीस किलो आहे बाबा!"

"मग? पेट्रोल तू घालतेस?"

बेरीज दोनशे त्रेचाळीस. उरलेले सात किलो मी चिखल म्हणून लिहिले. एक घोळ मात्र राहिला. हल्लीच्या गाड्यांच्या कागदावरच्या वजनात पंचाहत्तर किलोचा चालकही धरलेला असतो. आमच्या गाडीच्या कागदावर तो धरला आहे की नाही, कळत नाही. हे बाबांना सांगितले तर ते स्वतःच्या पोटाकडे बघून म्हणाले, "पंचाहत्तर किलोचा चालक? बिचारा उपाशी असणार."

१६ सप्टेंबर, सोमवार

पर्सिदाबाई म्हणाल्या, एका गाडीवरून नियम करता येत नाही, आणि तुझ्या वडिलांच्या गाडीवरून तर नाहीच नाही. त्यांचे बरोबर आहे. शास्त्रात एक नमुना म्हणजे काहीच नाही. मी ठरवले की शनिवारी गावातल्या जितक्या मिळतील तितक्या गाड्या काट्यावर बोलवायच्या. निरोप फिरवायचे काम बाबांनी आपण होऊन अंगावर घेतले. इतक्या उत्साहाने त्यांनी माझ्या कुठल्याच कामात भाग घेतला नव्हता. सायकल काढून ते घरोघरी गेले.

घाई आणखी एका कारणाने आहे. बारा ऑक्टोबरला वीदाचे, माझ्या धाकट्या बहिणीचे, लग्न. नवरा मुलगा बोग्दान पैलतीरावरचा. वऱ्हाड ज्या वाटेने येते त्या वाटेने परत जात नाही, हा आमच्याकडचा रिवाज. म्हणून बारा गाड्या खालच्या पुलावरून वळसा घालून येणार आणि नवरी घेऊन तराफ्यावरून जाणार. तिसरी वाट नाही. पाटी लागली नाही तर वीदा आमच्याच अंगणात अडकणार.

"लाव बाई लवकर ती पाटी," वीदा म्हणाली. "नाहीतर मला पोहत सासरी जावं लागेल."

२१ सप्टेंबर, शनिवार

काय सुंदर दिवस! अकरा गाड्या आल्या. आपल्या गावात विज्ञानाला इतका मान आहे हे मला माहीत नव्हते. सगळ्या गाड्या चकचकीत. कुणी चाकांनाही पॉलिश केले होते. शेजारच्या मिलुनने तर पायातले बूट काढून हातात धरले आणि मोज्यांवर गाडी चालवत काट्यावर आणली. दार लावले की आत देवळासारखा आवाज घुमायचा. एका गाडीला मागची सीट नव्हती. विचारले तर म्हणाले, "शिवायला टाकलीय."

सरासरी आली एक हजार पंचाहत्तर! कागदाच्या इतकी जवळ! म्हणजे बाबांचीच गाडी अपवाद. मी स्तानामावशींना म्हटले, "बघा, गाड्या म्हातारपणी जड होत नाहीत."

मावशी विणता विणता एवढेच म्हणाल्या, "आज तरी नाही झाल्या."

घरी येताना पाहिले, सगळ्यांच्या अंगणात जॅक, दोरखंड, पोती, कॅन यांचे ढीग. हिवाळ्याआधीची आवराआवर सुरू झालेली दिसते. बाबांनी रात्रीच्या जेवणाला मला राकियाचा, घरच्या फळांच्या दारूचा, छोटा पेला दिला, मोठ्या माणसांना देतात तसा.

२३ सप्टेंबर, सोमवार

'दोन गाड्या' असा मसुदा लिहून दिला. पर्सिदाबाई खूश. तराफेवाले झिवादिनकाका खिडकीबाहेरूनच ओरडले, "इंजिनिअरबाई, दीर्घायुषी व्हा!" मी तीन वर्षांची असताना त्यांच्या तराफ्यावरून नदीत पडले होते, तेव्हा त्यांनी मला वेणीला धरून वर काढले होते. आज तेच मला 'बाई' म्हणाले. पक्की सही पाटी रंगवून झाल्यावर.

२९ सप्टेंबर, रविवार

मी मूर्ख आहे.

सकाळी चर्चमधून येताना मिलुनची गाडी समोरून गेली. तीच, मोजे घालून चालवलेली. टपावर लोखंडी चूल, डिकी दोरीने बांधलेली, मागे मिरच्यांची पोती, पोत्यांवर त्याची सासू, सासूच्या मांडीवर केक. गाडीचे मागचे अंग रस्त्याला टेकायला आले होते. मग दुसरी गेली. मग तिसरी. सगळ्या माझ्या अकरातल्याच.

तडक स्तानामावशींच्या घरी गेले. मला दारात बघताच त्या हसायला लागल्या, इतक्या की त्यांना खुर्चीचा आधार घ्यावा लागला.

"अगं, तुझ्या काट्यासाठी सगळं गाव न्हाऊनमाखून आलं होतं! कॅरिअर उतरवली, गॅस जाळून टाकला. मिलुनच्या बायकोनं तर डिकीतून तेरा कांदे आणि नणंदेचा हरवलेला बूट काढला."

"पण का?"

"तुझ्या बापाला विचार."

बाबा गोठ्याच्या दाराला बिजागरी ठोकत होते. मी विचारले. त्यांना त्यात काही वावगे वाटलेच नाही. "मी सांगितलं सगळ्यांना. माझ्या पोरीचं पहिलं सरकारी काम आहे, घाणेरडी गाडी घेऊन कुणी येऊ नका. डॉक्टरकडे जाताना तू धुतलेले कपडे घालतेस की नाही?"

"बाबा, डॉक्टरला खरा आजार दिसायला हवा!"

"दिसतो की. फक्त स्वच्छ दिसतो."

मला रागही आला आणि हसूही आले. मग हसूच राहिले. पण मसुद्यात लिहिलेली गाडी कुणाचीच नाही. ती गाडी फक्त त्या शनिवारी दोन तास होती.

१ ऑक्टोबर, मंगळवार

खरी वजने पुन्हा कशी मिळवायची? मी पुन्हा बोलावले तर ते पुन्हा धुऊन येणार. स्तानामावशींनीच तोडगा काढला. फळे विकायला आलेली गाडी आत येताना भरून तोलतात आणि माल उतरवून बाहेर जाताना पुन्हा तोलतात. बाहेर जातानाच्या वजनात फक्त गाडी, चालक आणि गाडीत कायम पडलेला पसारा असतो. अशा नोंदींच्या मावशींच्या कितीतरी वर्षांच्या वह्या कपाटात होत्या.

"आधी का नाही सांगितलंत?"

"तू विचारलं नाहीस. तू बोलावणी पाठवत होतीस."

त्याच अकरा गाड्यांचे, चालकासकट, सरासरी वजन: एक हजार चारशे वीस. पाच पाच वर्षे मागे गेले तर जवळजवळ प्रत्येक गाडी दर वर्षी दहा-वीस किलोंनी वाढलेली. म्हणजे माझ्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर मिळाले. गंजाने जेवढे जाते त्याहून कितीतरी जास्त माणसे भरतात, आणि भरलेले कुणी काढत नाही.

बाबांच्या गाडीचेही आकडे उतरवून घेतले. २०१४ पर्यंत ती स्थिर आहे. वाढ २०१५च्या शरद ऋतूत एकदम दिसते, शंभर किलोंची. कारण शोधायला हवे. त्याच वर्षी मी शहरात गेले होते. वाळू, साखळी, जादा स्टेपनी आणि पाण्याचा कॅन हे मधल्या घाटासाठी असावेत. तिथे बर्फ फार साचतो. मात्र मी परत आल्यावरही वजन कमी झालेले नाही, याचा उलगडा होत नाही.

३ ऑक्टोबर, गुरुवार

हिशोब साधा आहे. चालकासकट एक हजार चारशे वीस. लग्नाच्या गाडीत आणखी चार माणसे, ती तीनशे. आहेर आणि बांधून दिलेले जेवण, ते साठ. एक गाडी एक हजार सातशे ऐंशी. दोन गाड्या तीन हजार पाचशे साठ. तराफा तीन हजारांचा.

म्हणजे एका वेळी एकच गाडी. एक फेरी पंधरा मिनिटांची. बारा वऱ्हाडाच्या आणि एक आमची, म्हणजे सव्वातीन तास.

वीदा ओरडली, "ताई, मी सासरी पोचेपर्यंत मला नातवंडं होतील!"

आई म्हणाली, "कोसारा, फक्त त्या एका दिवसापुरतं दोन नाही का लिहिता येणार?"

आईला मी कधी नाही म्हटलेले नाही. आज म्हटले आणि ते तिला नीट ऐकूही आले नाही, म्हणून पुन्हा म्हणावे लागले.

७ ऑक्टोबर, सोमवार

पर्सिदाबाई म्हणतात, कागदावर दोन बसतात, तू कागदाला धरून राहिलीस तर तुला कुणी विचारणार नाही. बरोबर आहे. कुणीच विचारणार नाही. पण मला हेच कळत नाही की मी चार वर्षे शिकले ते न विचारले जाण्यासाठी का? हे वाक्य मोठेपणाचे वाटते. उद्या वाचून बहुतेक लाज वाटेल. तरी राहू दे.

खरी भीती झिवादिनकाकांची होती. त्यांना सांगायला दुपारी काठावर गेले. तराफा ज्या तारेला धरून नदी ओलांडतो, त्या तारेला ते वंगण लावत होते.

"एक?" ते म्हणाले. "पस्तीस वर्षं मी दोन दोन नेतोय. एक तरी बुडाली?"

"नाही काका."

"मग? तुला वेणीला धरून काढली ती हा दिवस बघायला?"

मी वही उघडून आकडे दाखवले. त्यांनी ते वाचले नाहीत. तराफ्याच्या कडेला एक पांढरी रेघ आहे, तिच्यावर अंगठा घासत राहिले. मग म्हणाले, "दोन गाड्या असल्या ना, की ही रेघ पाण्याखाली जाते. मी तिकडे बघत नाही. नदीतल्या मधल्या खांबापर्यंत श्वासही घेत नाही."

"पस्तीस वर्षं?"

"सुरुवातीला गाड्या हलक्या होत्या. लोकांकडे भरायला काही नव्हतं." मग वंगणाचा डबा बंद करत म्हणाले, "कुणी विचारलं तर मी तुझ्याशी खूप भांडलो, असं सांग."

१० ऑक्टोबर, गुरुवार

घरात मिरच्या भाजण्याचा धूर, इस्त्रीची वाफ आणि वीदाचा अबोला. ती माझ्याशी फक्त आईमार्फत बोलते. "आई, इंजिनिअरला सांग मीठ दे." मी देते. "आई, इंजिनिअरला विचार, मिठाचं वजन केलं का?"

यावर बाबा इतके हसले की वीदालाही हसू फुटले, आणि ते लपवायला ती उठून गेली.

१३ ऑक्टोबर, रविवार

कालपासून पाय दुखताहेत, पण लिहिले पाहिजे.

शुक्रवारी पहाटे, कुणी उठायच्या आत, मी पाटी काठावर नेऊन ठोकली. आदल्या दिवशी कागदावर सही करून त्याची मूळ प्रत जिल्ह्याला टपालाने पाठवली होती. पर्सिदाबाईंना नंतर सांगितले. पाटीवर आहे: 'एका वेळी एक गाडी, माणसे व सामान यांसह. शिवाय पायी बारा जण.' खाली माझे नाव.

बाई म्हणाल्या, "पायी बारा जण कशाला?"

"बाजेवाल्यांसाठी."

लग्न सुरेख झाले. दुपारी दोनला वऱ्हाड काठावर आले आणि बारा गाड्यांची रांग लागली. बोग्दानचे मामा आधी पाटीवर, मग माझ्यावर संतापले. तेवढ्यात पहिला तराफा सुटला: नवरीची गाडी आणि भोवती सहा बाजेवाले. नदीच्या मधोमध ट्रम्पेट वाजायला लागले आणि दोन्ही काठांवरचे लोक गप्प झाले. झिवादिनकाका तारेवर हात ठेवून ताठ उभे होते. पांढरी रेघ पाण्याच्या वर होती, मी मुद्दाम पाहिली. ते चक्क गात होते. मधल्या खांबाच्या अलीकडेच.

बाजेवाले मग उतरलेच नाहीत. दर फेरीला गाडीबरोबर गेले आणि रिकाम्या तराफ्यावर वाजवत परत आले. इकडे काठावर लोकांनी रिंगण धरून नाच सुरू केला. कुणीतरी डिकी उघडून बांधून दिलेले भाजके डुक्कर काढले, कुणी केक, मग सगळ्याच डिक्या उघडल्या. पैलतीरावर उतरलेल्यांनीही तेच केले. दोन काठांवर एकच लग्न तीन तास चालले. वीदा पलीकडून पदर हलवत ओरडत होती, "ताई! हळू हळू पाठव! आम्ही नाचतोय!"

शेवटी मामांची आणि त्यांच्या भावाची अशा दोन गाड्या उरल्या. मामा माझ्याकडे आले, हातात बरगडीचे हाड. "इंजिनिअरबाई, आता डिक्या रिकाम्या झाल्या. आता तरी दोन जाऊ देत."

"मामा, डिकीतलं गेलं कुठे?"

त्यांनी पोटावर हात ठेवला. क्षणभर विचार केला. मग इतक्या मोठ्याने हसले की पलीकडे ऐकू गेले असेल. "ही पोरगी खरी इंजिनिअर आहे!" असे सगळ्यांना सांगत ते आपली एकच गाडी घेऊन तराफ्यावर चढले.

सर्वांत शेवटी आमची गाडी.

तिचे सांगायचे मुद्दाम शेवटी ठेवले होते. काल सकाळी उठले तर बाबांनी गाडी धुतली होती. कॅरिअर उतरवलेले, वाळू, साखळी, स्टेपनी, कॅन सगळे भिंतीला लावून ठेवलेले, आणि वर ती पेटी. "तुझी पाटी लागली आहे," बाबा म्हणाले. "आता आपल्याच गाडीने मान खाली घालायला लावायला नको." गाडी उंच आणि ओकीबोकी दिसत होती. बाबा एकदा डिकीकडे बघायचे, एकदा भिंतीकडे.

मला त्यांना समजावून सांगायचे होते की पाटीतला आकडा या सगळ्यासकटच काढलेला आहे, ही गाडी रिकामी असावी असा माझा नियमच नाही. पण ते दाढी करायला गेले होते आणि आई मला फुले बांधायला बोलावत होती. म्हणून बोलले नाही. पेटी उघडली, रिकाम्या बरण्यांत परवाचा आयवार भरला, झाकणे घट्ट केली. तराजूवर ठेवली: एक्केचाळीस किलो. झाकणावर माझ्या नावाखाली रंगाने वीदाचे नाव लिहिले, पेटी सीटमागच्या तिच्या खाचेत बसवली, आणि साखळी, कॅन, स्टेपनी, वाळूची पिशवी, एकेक करून सगळे परत डिकीत ठेवले.